पत्ता किती सेकंदांनी पडतो, हेही कायद्याने विचारावं

२२ ऑगस्ट २०२५ रोजी राष्ट्रपतींची सही झाली आणि पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर देशभर बंदी घालणारा कायदा तयार झाला. लोकसभेत विधेयक २० तारखेला मंजूर, राज्यसभेत २१ला. पीकविम्याच्या तक्रारीला एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर जायला याहून जास्त दिवस लागतात. पाठोपाठ मोठ्या कंपन्यांनी रमी, पोकर आणि फँटसी क्रिकेटमधले पैशांचे डाव थांबवले, भारतीय क्रिकेट संघाच्या जर्सीवरचं अशाच एका प्रायोजक कंपनीचं नाव उतरलं आणि कायद्याला आव्हान देणारं प्रकरण सर्वोच्च न्यायालयात जाऊन पोचलं.

या कायद्याचं स्वागत करायला माझी हरकत नाही, पण ते अर्ध्यावर थांबतं. एक जुना, निरुपयोगी झालेला प्रश्न त्याने बाजूला सारला, हे उत्तम झालं. त्या जागी योग्य प्रश्न मात्र आणून बसवला नाही.

जुना प्रश्न असा: खेळ कौशल्याचा की नशिबाचा? आपल्याकडे १८८७चा मुंबई जुगार प्रतिबंधक कायदा आहे आणि निव्वळ कौशल्याच्या खेळाला त्यात पहिल्यापासून सूट आहे. १९५७मध्ये चमारबागवाला खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने कौशल्याच्या स्पर्धा आणि नशिबाच्या स्पर्धा वेगवेगळ्या काढल्या. १९६८मध्ये सिकंदराबादच्या एका क्लबातल्या रमीचा खटला पुढे आला, तेव्हा न्यायालय म्हणालं की रमी तीनपत्तीसारखी नाही. कुठला पत्ता पडला हे लक्षात ठेवावं लागतं, कुठला धरायचा नि कुठला सोडायचा हे ठरवावं लागतं, म्हणून हा मुख्यत्वे कौशल्याचा खेळ. निकाल त्या काळाला धरून योग्यच होता. क्लबातल्या टेबलाभोवती चार ओळखीची माणसं, मध्ये चहा, पत्ते पिसायला वेळ, हिशेब वहीत. पुढे पन्नास वर्षांनी कंपन्यांनी हाच निकाल उचलला आणि फोनमधल्या रमीवर ढालीसारखा धरला. पत्ते तेच, नियम तेच, तेव्हा कायदाही तोच लागू, असा एकूण युक्तिवाद.

पण पत्त्यांचा कॅट तोच असला तरी मेंदूच्या हिशेबाने हा खेळ दुसरा आहे. तो कसा, हे समजायला स्वित्झर्लंडमधल्या एका प्रयोगशाळेत डोकवावं लागेल.

फ्रिबूर्ग विद्यापीठात वोल्फ्राम शुल्ट्झ माकडांच्या मेंदूतल्या, डोपामिन तयार करणाऱ्या एकेका चेतापेशीची टिकटिक नोंदवत होते. माणसात अशा पेशी काही लाखच असतात; एकूण साधारण ८,६०० कोटी चेतापेशींमध्ये हे प्रमाण नगण्य म्हणावं असं. माकडाच्या तोंडात अचानक फळाच्या रसाचा थेंब पडला की या पेशी जोरात पेटत. इथपर्यंत सगळं अपेक्षेप्रमाणे, कारण डोपामिन म्हणजे सुखाचं रसायन अशीच तेव्हाची समजूत होती. मग शुल्ट्झ यांनी रसाच्या थोडं आधी एक खूण द्यायला सुरुवात केली, म्हणजे दिवा लागणं किंवा आवाज होणं. माकडाला सवय झाली आणि पेशींची वागणूक बदलली. आता त्या खुणेला पेटू लागल्या. रस आला तेव्हा गप्प! रस तोच, तेवढाच, माकड तो आवडीने पीतही होतं. पण तो येणार हे आधीच ठाऊक असल्यामुळे पेशींना त्यात सांगण्यासारखं काही उरलं नव्हतं. आणि खूण देऊन रस दिलाच नाही, तर नेमका तो यायला हवा होता त्या क्षणी त्यांची नेहमीची मंद टिकटिकही थांबे.

१९९७मध्ये शुल्ट्झ, पीटर डायन आणि रीड माँटेग्यू यांनी मिळून याचा अर्थ मांडला. या पेशी बक्षीस मोजत नाहीत, फरक मोजतात: मिळालं किती, वजा अपेक्षा किती होती. उत्तर अधिक आलं की ‘आत्ता जे केलंस ते पुन्हा कर’ असा निरोप जातो, उणे आलं की ‘सोड’ असा, आणि शून्य आलं की काहीच नाही. शिकणं म्हणजे ही वजाबाकी पुन्हा पुन्हा होऊन अपेक्षा हळूहळू खरी होत जाणं. गंमत म्हणजे यंत्रांना शिकवणाऱ्या संगणकशास्त्रज्ञांनी जवळपास हेच गणित आधीच कागदावर मांडून ठेवलं होतं. शुल्ट्झ आणि डायन यांना, रे डोलन यांच्यासह, २०१७मध्ये ब्रेन प्राइझ हे मेंदूसंशोधनातलं मोठं बक्षीस मिळालं, ते याच कामासाठी.

इथे एक रास्त शंका येते. मेंदू जर चुकीतून शिकत असेल, तर सतत हरणारा माणूस कधीतरी शिकायला हवा ना? प्रत्येक हार उणे उत्तर देणार, अपेक्षा उतरत जाणार आणि एक दिवस तो फोन बाजूला ठेवणार. काही जण ठेवतातही. बाकीच्यांचं शिकणं कुठे अडतं?

पहिलं कारण या पेशींच्या घडणीतच आहे. त्यांची विसाव्यातली टिकटिक सेकंदाला चारपाचदा, एवढीच असते. आनंदाच्या धक्क्याला ती कितीतरी वर जाऊ शकते, पण निराशेला खाली जायला जागा कुठे आहे? शून्याच्या खाली काही नाही. दुसरं कारण कबुतरांवरच्या प्रयोगांपासून माहीत आहे. दर वेळी दाणा मिळणारं कबूतर, दाणा बंद झाला की थोड्याच वेळात चोच मारायचं थांबतं. कधी तिसऱ्या, कधी तिसाव्या टोच्याला दाणा मिळत आलेलं कबूतर मात्र मारतच राहतं, कारण ‘बंद झालं’ आणि ‘अजून आलेलं नाही’ यांत फरक करायला त्याच्याकडे काही साधन नाही. शुल्ट्झ यांच्या प्रयोगशाळेने २००३मध्ये आणखी एक गोष्ट दाखवली: खूण दिसल्यापासून रस येईपर्यंतच्या त्या दोन क्षणांत पेशींची हालचाल चढत जाते आणि मिळण्याची शक्यता निम्मी-निम्मी असताना ती सर्वांत जास्त चढते. या चढाचा नेमका अर्थ काय यावर शास्त्रज्ञ अजून भांडतात. कंपन्यांना त्या भांडणाचा निकाल लागायची वाट बघण्याचं कारण नव्हतं.

तिसरं कारण मात्र निसर्गाचं नाही. ते माणसांनी बसून तयार केलेलं आहे आणि माझा सगळा रोख तिकडेच आहे.

कायदा यायच्या आधीची गोष्ट. एसटीत शेजारच्या सीटवर एक तरुण पॉइंट्स रमी खेळत होता. तेरा पत्ते, दोन सिक्वेन्स लागलेले, एक प्युअर. चौकटची अठ्ठी आली की डिक्लेअर, म्हणजे डाव खिशात. समोरच्याने आधी डिक्लेअर केलं. डाव संपताच सगळ्यांचे पत्ते उघडून दाखवले गेले आणि अठ्ठी समोरच्याच्याच हातात निघाली. “एका पत्त्यानं गेलं राव,” तो मला म्हणाला, जसा काही मी त्याचा भागीदार होतो. त्याच्या खात्यातून पैसे गेले होते, पण चेहऱ्यावर हरल्याची कळा नव्हती, जिंकता जिंकता राहिल्याची होती. त्याचं बोलणं संपायच्या आत पुढच्या डावाचे उलटे आकडे सुरू झाले होते.

केंब्रिजच्या ल्यूक क्लार्क आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००९मध्ये या ‘थोडक्यात हुकलं’चा छोटासा प्रयोग केला. फिरत्या चकत्यांवरची चित्रं जुळली की पैसे देणाऱ्या स्लॉट मशीनसारख्या खेळात चित्र एका घराने हुकलं, तर मेंदूचे जे भाग जिंकल्यावर जागे होतात त्यांतले काही तेव्हाही जागे होतात. लोकांना विचारलं तर हुकण्याचा अनुभव साध्या हरण्यापेक्षा जास्त खुपतो, असंच ते सांगत. तरीही पुन्हा खेळायची इच्छा त्याने वाढत असे. आणि ही वाढ तेव्हाच दिसली, जेव्हा चित्र खेळणाऱ्याने स्वतः निवडलेलं होतं. संगणकाने निवडून दिलेल्या चित्राच्या बाबतीत नाही.

आता हे आपल्या न्यायालयांच्या प्रश्नाशेजारी ठेवून बघा. कायद्याच्या नजरेत कौशल्य म्हणजे दोष सौम्य करणारी बाब. खेळणारा स्वतः पत्ता निवडतो, टाकतो, धरतो, म्हणून तो जुगारी नाही. मेंदूच्या नजरेत मात्र आपण निवडलेला पत्ता हुकणं म्हणजेच सर्वांत चिवट गळ. ‘मी अठ्ठीऐवजी पंजी धरली असती तर’ हे वाक्य तीनपत्तीत फारसं सुचत नाही, रमीत हमखास सुचतं. ज्या गुणासाठी रमीला सत्तावन्न वर्षं सूट मिळत राहिली, तोच गुण फोनवर आला की हरण्यातून शिकू देत नाही. कौशल्य असतंच, मी नाकारत नाही. रमीत चांगला खेळणारा वाईट खेळणाऱ्याला दीर्घकाळात हरवतो. पण ते कळायला शेकडो डाव लागतात आणि आपण वाईट खेळणारे आहोत, हे ज्याला कळायला हवं त्याला ते सगळ्यात शेवटी कळतं.

मग वेग. मुंबईला मटका नवा नाही. न्यूयॉर्कच्या कापूसबाजाराच्या उघडत्या आणि बंद होणाऱ्या भावावर आकडा लावण्यापासून ते सुरू झालं, साठच्या दशकात कल्याणजी भगत आणि रतन खत्री यांनी पत्ते काढून आकडे जाहीर करायला सुरुवात केली आणि गिरणगावात घरोघरी ओपन-क्लोजची भाषा बोलली जाऊ लागली. मटक्याने संसार मोडले, त्याची तरफदारी करायची नाही. पण हिशेब मांडून बघा. एका बाजारात ओपन एकदा, क्लोज एकदा. दिवसाला दोन निकाल, म्हणजे मेंदूला वजाबाकी करायला दोन संधी. मधल्या वेळात गिरणीतली पाळी, स्वयंपाक, भांडण, झोप. ज्या खेळाचा निकाल दोन मिनिटांत लागतो त्यात तेवढ्याच संधी चार मिनिटांत मिळतात. मटक्याच्या आठवड्याभराचा धडा फोन अर्ध्या तासात गिरवून घेतो. माणूस तोच, मोह तोच, रक्कम कदाचित कमीच. गिरवण्याचा वेग मात्र वेगळा, आणि सवय लागते ती गिरवण्याने.

यावर हमखास ऐकू येणारं उत्तर म्हणजे ‘माणसानं स्वतःला आवरावं’. हल्ली त्याला शास्त्राचा मुलामा देऊन ‘डोपामिन डिटॉक्स’ म्हणतात. चार दिवस मोबाईल बंद ठेवा, मेंदू धुऊन निघेल! डोपामिन हे काही साचलेलं विष नाही. पार्किन्सन्समध्ये ते बनवणाऱ्या पेशीच मरतात आणि माणसाला साधं पाऊल उचलणं अवघड होतं. उलट या आजाराच्या औषधांनी या चर्चेत एक कडवा पुरावा दिला आहे. २००५मध्ये मेयो क्लिनिकच्या डॉक्टरांनी अकरा रुग्णांची हकीगत प्रसिद्ध केली. डोपामिनसारखं काम करणारी औषधं घेताना त्यांना जुगाराचं वेड लागलं होतं, आणि ज्यांचा पाठपुरावा झाला त्यांचं वेड औषध कमी-बंद केल्यावर उतरलं. यांना काय सांगायचं, की तुमचा संयम कमी पडला? रुग्ण नसलेल्या माणसाची जबाबदारी यातून संपत नाही, हे खरं. पण इच्छाशक्ती ज्या यंत्रणेतून चालते तिलाच कोणी बाहेरून हात घालत असेल, तर त्या हाताची चौकशी आधी व्हायला हवी.

नव्या कायद्याने ही चौकशी केलेली नाही. त्याने कसोटी बदलली, एवढंच. पैसे भरून, पैसे जिंकण्याच्या आशेने खेळलं तर गुन्हा, तोही चालवणाऱ्याचा, खेळणाऱ्याचा नाही. हा भाग मला मनापासून पटतो. चालवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक कोटीपर्यंत दंड आहे. कौशल्य की नशीब, याला आता महत्त्व नाही. सरकारच्याच अंदाजानुसार ४५ कोटी लोक वर्षाला २०,००० कोटी रुपये या खेळांत घालवत होते, तेव्हा घाई समजण्यासारखी आहे. पण कसोटी पैशांच्या ये-जा करण्यावर आहे, म्हणून तेच यंत्र जरा वेगळा सदरा घालून उजळ माथ्याने फिरू शकतं. पोरांच्या खेळात पैसे भरून बंद पेटी उघडायची, आत काय निघेल ते नशिबावर, आणि निघालेली बंदूक किंवा पोशाख खेळाबाहेर विकता येत नसेल तर कायद्याच्या लेखी ती जिंकलेली रक्कम नाही. बेल्जियमने २०१८मध्येच अशा पेट्यांना जुगार ठरवलं. आपल्याकडे दहा वर्षांचं पोर आईच्या यूपीआयवरून त्या उघडतं आणि कायद्याच्या भाषेत तो ‘सोशल गेम’, म्हणजे बंदीबाहेरचा खेळ, असतो.

यूपीआयचं नाव निघालंच आहे तर तेही बघा. वीजबिल भरलं की पडद्यावर खरवडायचं कार्ड येतं. बोटाने खरवडा, कधी अकरा रुपये, बहुतेक वेळा ‘पुढच्या वेळी नक्की’. यात आपलं काही जात नाही, म्हणून मी याला जुगार म्हणणार नाही. पण अकरा रुपये सरळ बिलातून वजा न करता खरवडायला का लावतात, हा प्रश्न विचारून बघावा. वजा केले असते तर तिसऱ्या महिन्यात आपल्या पेशी गप्प बसल्या असत्या.

दुसरं टोक मांडवीत उभं आहे. पणजीच्या धक्क्यावरून दिसणारी कॅसिनोची जहाजं गोव्याच्या १९७६च्या जुगार कायद्यातल्या नंतरच्या दुरुस्त्यांनी अधिकृत झाली. ती ऑनलाइन नाहीत, म्हणून नवा कायदा त्यांना शिवत नाही. तिथलं स्लॉट मशीन काही सेकंदांत निकाल देतं आणि त्यात कौशल्याचा लवलेश नाही. कोल्हापूरच्या माणसाने फोनवर रमी लावून दिली तर तुरुंग आणि पणजीत त्याच माणसाला स्लॉटवर बसवलं तर पर्यटन, हे कुठल्या तर्काने?

कोणी म्हणेल, अनपेक्षित बक्षीस तर सगळीकडेच आहे. क्रिकेट सामना शेवटच्या चेंडूपर्यंत कोण बघतं आणि कशासाठी? चांगला शिक्षक उत्तर लगेच सांगत नाही. कीर्तनकार आख्यान नेमकं कुठे थांबवायचं ते जाणतो. मग काय सगळंच बंद करायचं? मुळीच नाही. आश्चर्यातून शिकणं ही मेंदूची सर्वांत चांगली खोड आहे आणि तिच्याविरुद्ध कायदा करणं म्हणजे बाळपणाविरुद्ध कायदा करणं. फरक तीन ठिकाणी पाहायचा: निकाल किती जलद येतो, हार हारीसारखी दिसू दिली जाते का, आणि निकालांची चाल ठरवणाऱ्याचं पोट माझ्या न शिकण्यावर भरतं का. शिक्षकाचा धंदा मी शिकल्याने चालतो.

आणि या तीन गोष्टी कायद्यात लिहिता येतात. ब्रिटनमध्ये सट्ट्याच्या दुकानांतल्या मशीनवर एका वेळी १०० पौंड लावता येत. एप्रिल २०१९पासून ती मर्यादा २ पौंडांवर आली. २०२१मध्ये तिथल्या नियामकाने ऑनलाइन स्लॉटना सांगितलं की दोन फिरक्यांमध्ये किमान अडीच सेकंद जायलाच हवेत, आपोआप फिरणारी चकती बंद, आणि लावलेल्या रकमेइतके किंवा त्याहून कमी पैसे परत आले तर जिंकल्याची घंटा वाजवायची नाही. हा शेवटचा नियम मला फार आवडतो. शंभर लावले, चाळीस परत आले आणि पडद्यावर दिवाळी, म्हणजे उणे साठला अधिकचं चिन्ह लावणं. ती खोटी जमाखर्चाची नोंद आहे, फक्त वही मेंदूतली आहे.

इतक्या लांब जायचीही गरज नाही. वांद्रे-कुर्ला संकुलातल्या सेबीने, म्हणजे शेअरबाजाराच्या नियामकाने, २०२४मध्ये जाहीर केलं की २०२१-२२ ते २०२३-२४ या तीन वर्षांत फ्युचर्स-ऑप्शन्समध्ये, म्हणजे पुढच्या भावावर लावायच्या सौद्यांत, उतरलेल्या किरकोळ गुंतवणूकदारांपैकी ९३ टक्के तोट्यात गेले, एकूण तोटा १.८ लाख कोटींच्या वर. तिथे कौशल्य आहे की नशीब यावर सेबी निबंध लिहीत बसली नाही. तिने कराराची किमान रक्कम वाढवून १५ लाख केली आणि साप्ताहिक एक्सपायरी, म्हणजे दर आठवड्याला लागणारा सौद्याचा निकाल, प्रत्येक एक्स्चेंजला एकाच निर्देशांकापुरती ठेवली. म्हणजे दार जड केलं आणि निकालांची वारंवारता कमी केली. ते पुरेसं नव्हतं. पुढच्या वर्षीही दहांतले नऊ जण तोट्यातच होते. पण हात योग्य खटक्यावर पडला होता. बंदीची गरज कुठे आहे आणि मंद करण्याने कुठे भागेल, हे असंच एकेक खटका दाबून कळतं. सरसकट बंदीत ते कधीच कळत नाही, कारण खेळणारा उठून परदेशी साइटवर जातो आणि तिथलं घड्याळ आपल्या हातात नसतं.

नव्या कायद्यात प्राधिकरणाची तरतूद आहे. कुठला खेळ पैशांचा आणि कुठला सोशल, हे ते ठरवणार. त्या प्राधिकरणाने खेळाची नियमावली वाचण्यात वेळ घालवू नये. कंपनीकडे प्रत्येक खेळणाऱ्याचा प्रत्येक डाव सेकंदासह नोंदलेला असतो. कोणत्या वेळी बोनस टाकला की माणूस परत येतो आणि बटणाचा कुठला रंग त्याला आणखी एक डाव बसवतो, याच्या चाचण्या केलेल्या असतात, त्यांचे निकाल जपून ठेवलेले असतात. परवान्याच्या अर्जासोबत ते मागवावेत: दोन निकालांमधलं सरासरी अंतर, ‘थोडक्यात हुकलं’ दाखवणाऱ्या पडद्यांचं प्रमाण, हरल्यानंतर एका मिनिटात पुन्हा खेळायला बसणाऱ्यांची टक्केवारी, आणि एकूण कमाईतला किती हिस्सा सर्वाधिक हरणाऱ्या शंभरातल्या पाचांकडून येतो तो आकडा. पेटी उघडायला लावणाऱ्या मुलांच्या खेळांनाही हेच अर्ज द्यावेत, आणि मांडवीतल्या जहाजांनाही.